शेंडेनक्षत्राचं गणित आणि गाळलेलं नाव

पुस्तकात कुणाचं नाव राहतं आणि कुणाचं गळतं, हे आज एका शेंडेनक्षत्राच्या निमित्तानं बघू या. शेंडेनक्षत्र म्हणजे धूमकेतू. तो दिसला की राजा मरणार, रोगराई येणार, असं आपल्याकडे म्हणत. युरोपातही तसंच म्हणत. एडमंड हॅली या इंग्रज शास्त्रज्ञानं १७०५ साली वेगळंच लिहिलं. १५३१, १६०७ आणि १६८२ साली दिसलेली शेंडेनक्षत्रं तीन नाहीत, एकच आहे. ते सूर्याभोवती लांबलचक फेरी मारून परत येतं आणि १७५८ साली पुन्हा दिसेल. हे खरं ठरतं की नाही ते बघायला हॅली उरले नाहीत, १७४२ साली ते वारले.

आता कुणी म्हणेल, ७६ वर्षं मिळवली की झालं, त्यात गणित कसलं? पण पहिल्या फेरीला ७६ वर्षांहून थोडा जास्त काळ लागला होता आणि दुसरीला ७५ हूनही थोडा कमी. बाजाराला निघालेल्या बाईला वाटेत कोण भेटतं त्यावर तिची घरी यायची वेळ ठरते, तसंच हे. शेंडेनक्षत्राच्या वाटेवर गुरू आणि शनी हे दोन जड ग्रह आहेत. ते आपल्याकडे ओढतात, वाट वाकडी होते, वेळ पुढेमागे होते. ही ओढ किती, ते काढल्याशिवाय दिवस सांगता येत नव्हता.

पॅरिसमध्ये क्लेरो नावाच्या गणितज्ञांनी १७५७ साली हे काम हाती घेतलं. पद्धत त्यांची होती, पण आकडेमोड एका माणसाच्या आवाक्यातली नव्हती. म्हणून त्यांनी लालांद या तरुण खगोलशास्त्रज्ञांना बरोबर घेतलं, आणि लालांद यांनी बोलावलं निकोल-रेन लपोत या बाईंना.

या निकोलबाई कोण? जन्म १७२३ चा, पॅरिसमधल्या लक्झेंबर्ग राजवाड्यात. पण राजकन्या नव्हेत हं. वडील राजघराण्यातल्या एका बाईंच्या पदरी चाकरीला होते, म्हणून राहायला वाड्यात. लहानपणी रात्र रात्र जागून पुस्तकं वाचायच्या. लग्न झालं ते राजाच्या घड्याळजीशी. नवऱ्यानं घड्याळांवर मोठं पुस्तक लिहिलं, ते १७५५ साली छापलं. केवढ्या लांबीचा लंबक ठरावीक वेळात किती झोके घेतो, याचं कोष्टक त्यात आहे. ते कोष्टक बाईंनी मांडलेलं. एका घड्याळाच्या कामानं लालांद यांचं त्या घरी येणं-जाणं सुरू झालं होतं, तेव्हाच बाईंचा हिशेबातला हात त्यांनी ओळखला.

काम असं होतं. शेंडेनक्षत्राची मागची दीडशे वर्षांची वाट घ्यायची आणि तिचे बारीक बारीक टप्पे पाडायचे. प्रत्येक टप्प्यावर गुरू कुठे होता, शनी कुठे होता, तिथून शेंडेनक्षत्र किती लांब, मग ओढ किती, हे सगळं काढायचं. एका टप्प्याचं उत्तर पुढच्यात धरायचं, म्हणजे एक आकडा चुकला की पुढचं सगळं चुकलं. यंत्र नाही. पिसाची लेखणी, शाई आणि कागद. सहा महिने सकाळपासून रात्रीपर्यंत, कधी कधी जेवतानाही आम्ही आकडेमोड करत होतो, असं लालांद यांनी नोंदवून ठेवलं आहे. त्या कष्टानं आपली तब्येत कायमची बिघडली, हेही ते सांगतात. जेवण कुणी रांधलं, ते मात्र सांगत नाहीत.

१४ नोव्हेंबर १७५८ ला क्लेरोंनी पॅरिसच्या विज्ञान अकादमीत निकाल वाचला. शनीमुळे १०० दिवस आणि गुरूमुळे ५१८ दिवस उशीर होईल. एप्रिल १७५९ च्या मध्याला शेंडेनक्षत्र सूर्याच्या सगळ्यात जवळ येईल, महिनाभर इकडेतिकडे धरा.

तसंच झालं. १३ मार्च १७५९ ला ते सूर्याजवळून गेलं. आणि सगळ्यांच्या आधी ते कुणाला दिसलं असेल? पॅरिसचे लोक दुर्बिणी लावून आकाशाचा भलताच कोपरा धुंडाळत होते. जर्मनीत ड्रेस्डेन शहराजवळच्या खेड्यात पालित्झ नावाचा शेतकरी राहत होता, स्वतःच्या हिकमतीवर खगोलशास्त्र शिकलेला. त्यानं २५ डिसेंबर १७५८ च्या रात्री ते पाहिलं. त्याचं नाव मात्र राहिलं.

१७६० साली क्लेरोंचा धूमकेतूंवरचा ग्रंथ निघाला. त्यात निकोलबाईंचं नाव नाही. लालांद यांनी याचं कारण दिलंय. क्लेरोंची एका बाईंशी मैत्री होती, तिला निकोलबाईंच्या हुशारीचा मत्सर वाटायचा, म्हणून तिला खूश करायला त्यांनी नाव गाळलं. आम्हाला हे कारण वाचून हसूच आलं. नाव गाळलं क्लेरोंनी, आणि दोष गेला आणखी एका बाईच्या माथी! लेखणी कुणाच्या हातात होती?

आणि क्लेरो काही बायकांच्या विद्येला नाक मुरडणारे नव्हते. एमिली द्यु शातले या बाईंनी न्यूटनचा मोठा ग्रंथ फ्रेंच भाषेत आणला, त्या कामात क्लेरोंनीच त्यांना मदत केली होती. एमिलीबाई ४२ व्या वर्षी बाळंतपणानंतर काही दिवसांतच गेल्या, ते साल १७४९. त्यांचं ते पूर्ण पुस्तक छापून आलं १७५९ मध्ये, म्हणजे शेंडेनक्षत्र आलं त्याच वर्षी. त्यावर त्यांचं नाव आहे. पूर्ण ग्रंथ पुरा करून ठेवणारीचं नाव राहिलं. दुसऱ्याच्या ग्रंथासाठी सहा महिने आकडे मांडणारीचं नाव त्या ग्रंथाला ओझं झालं.

तो काळ फ्रान्समध्ये ज्ञानाच्या जागराचा होता. विश्वकोश निघत होता, श्रीमंतांच्या बैठकांत न्यूटनवर गप्पा रंगत होत्या. बायकांसाठी म्हणून खगोलशास्त्राची पुस्तकंही निघत. फाँतनेल यांचं १६८६ चं पुस्तक त्यातलं गाजलेलं. रात्रीच्या बागेत एक विद्वान एका जहागीरदारणीला ग्रहताऱ्यांची माहिती सांगतो. ती हुशार आहे, गोड बोलते, पण विचारणारी ती आणि सांगणारा तो. लालांद यांनीही १७८५ साली असंच बायकांसाठी एक पुस्तक काढलं. आमचं म्हणणं, ज्या घरात बाई स्वतः गणित मांडत होती तिथे वर्षानुवर्षं ये-जा करणाऱ्यानं बायकांसाठी सोपं करून लिहावं, ही गंमतच आहे. तरी लालांद यांचे उपकार मानायला हवेत. निकोलबाई नसत्या तर या कामाला हात घालायची हिंमतच झाली नसती, असं त्यांनी स्वच्छ लिहिलं. १८०३ साली त्यांचा खगोलशास्त्राच्या पुस्तकांचा आणि इतिहासाचा जाडजूड ग्रंथ निघाला, त्यातही बाईंची हकिकत आहे. आज आपल्याला जे कळतं, त्यातलं बरंचसं तिथून आलेलं.

शेंडेनक्षत्र गेलं तरी बाईंचं काम थांबलं नाही. १ एप्रिल १७६४ ला कंकणाकृती सूर्यग्रहण होतं. ते युरोपात कुठे, किती वाजता आणि किती दिसेल, याचा नकाशा त्यांनी तयार केला, आणि तो त्यांच्या नावानं छापला गेला. अकादमीचं सालाचं पंचांग लालांद काढत. त्यातले सूर्य, चंद्र आणि ग्रहांचे आकडे काढायला त्या पंधराएक वर्षं हात लावत होत्या. नवऱ्याच्या नात्यातला एक मुलगा घरी आला, त्याला त्यांनी गणित शिकवलं. तो पुढे अकादमीचा सभासद झाला. बाईंना ते दार बंदच होतं. बेझिए या दूरच्या गावच्या अकादमीनं त्यांना सभासद करून घेतलं, तेवढंच. पॅरिसच्या विज्ञान अकादमीत पहिली बाई पूर्ण सभासद झाली ती १९७९ साली. १९११ मध्ये मेरी क्युरी यांनाही तिथे नाकारलं होतं.

शेवटची काही वर्षं नवरा आजारी होता. त्याची सेवा करता करता ६ डिसेंबर १७८८ ला निकोलबाई गेल्या, आणि काही महिन्यांतच तोही गेला. चंद्रावरच्या एका लहानशा विवराला आता लपोत हे नाव आहे. नुसत्या डोळ्यांनी ते दिसत नाही. शेंडेनक्षत्र मात्र परत येतं. १९१० ला आलं, १९८६ ला आलं. आता २०६१ साली येईल, आणि आज अंगणवाडीत बसणाऱ्या मुली तेव्हा चाळिशीच्या आसपास असतील.