बाटली क्रमांक 53-एन

माझी आजी 'प्लेग' हा शब्द वापरत नसे. 'गाठीच्या तापाचे साल' म्हणायची. तिच्या सासूबाईंनी ते साल पाहिले होते. मुंबईहून पळालेल्या माणसांनी भरलेले पडाव पनवेलच्या बंदराला लागायचे आणि घरात मेलेला उंदीर दिसला की लोक माळावर झोपड्या घालून राहायचे, एवढेच माझ्यापर्यंत पोचले. बाकीचे शोधायला मी हार्बरने कुर्ला आणि तिथून गाडी बदलून परळ, अशा बऱ्याच फेऱ्या घातल्या.

मी वैद्यकाचा माणूस नव्हे, इतिहासाची पदवीही माझ्याकडे नाही. म्हणूनच असेल, वाल्डेमार हाफकिन मला जवळचा वाटतो. ओडेसात जन्मलेला हा ज्यू प्राणिशास्त्रज्ञ डॉक्टर नव्हता. पॅरिसच्या पाश्चर इन्स्टिट्यूटमध्ये तो शिरला तो ग्रंथालयाचा मदतनीस म्हणून! 1892 मध्ये त्याने पटकीची लस स्वतःला टोचून पाहिली आणि पुढच्याच वर्षी हिंदुस्थान गाठला.

सप्टेंबर 1896 मध्ये मांडवीतील रोग्यांवरून डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी मुंबईतला प्लेग ओळखला. या रोगाचा जंतू त्याआधी दोनच वर्षे हाँगकाँगमध्ये सापडला होता. म्हणजे जंतू माहीत होता, पण तो उंदरावरून माणसापर्यंत कसा येतो हे कोणालाच कळले नव्हते; पिसवांचा उलगडा सिमाँला 1898 मध्ये कराचीत झाला. तोवर सरकार घरे उघडून धुरी देत होते आणि माणसे उचलून नेत होते.

भायखळ्याच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात हाफकिनला जागा मिळाली. हाताशी एक कारकून आणि तीन शिपाई. त्याची रीत आपल्या स्वयंपाकघराजवळची होती. मांसाचा रस्सा करायचा, पण तो बोकडाच्या मांसाचा, म्हणजे कोणाच्या धर्माची हरकत नको. त्यावर तुपाचे थेंब सोडायचे. गुहेच्या छतातून चुनखडीच्या कांड्या लोंबाव्यात तसे जंतू त्या थेंबांना धरून खाली वाढत. भांडे हलवले की ते तुटून तळाशी बसत आणि वर नवे वाढू लागत. शेवटी उष्णतेने सारे मारायचे आणि कार्बोलिक आम्ल घालून ठेवायचे. पाश्चरने जंतू दुबळे केले होते, याने थेट मेलेले वापरले. 10 जानेवारी 1897 रोजी इतरांसाठी ठरवलेल्या मात्रेपेक्षा मोठी मात्रा त्याने स्वतः घेतली आणि तापाने फणफणला. त्याच महिन्यात भायखळ्याच्या तुरुंगात प्लेग शिरला. तिथे टोचून न घेतलेल्यांत 12 जणांना लागण झाली, 6 गेले. टोचलेल्यांत, आधीच लागण झालेले सोडले तर, दोघेच आजारी पडले आणि तेही वाचले. कैद्यांची 'संमती' कितपत खरी होती, हा प्रश्न मला आजही छळतो.

1899 मध्ये परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसात त्याची प्रयोगशाळा आली. 30 ऑक्टोबर 1902 रोजी पंजाबातल्या मुलकोवाल गावी 107 जणांना परळची लस टोचली गेली. त्यातले 19 जण धनुर्वाताने मेले. सगळे एकाच बाटलीतले : 53-एन. इतर बाटल्यांतून टोचलेल्या 88 जणांपैकी कोणालाही धनुर्वात झाला नाही.

चौकशी समितीने बाटली परळलाच दूषित झाली असे धरले, कारण लस घाईने पुरवता यावी म्हणून हाफकिनने कार्बोलिक वगळून केवळ उष्णतेवर भिस्त ठेवली होती. पण बूच काढणाऱ्या मदतनिसाच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो ज्वाळेवर न धरता नुसता कार्बोलिकच्या पाण्यात बुडवून पुन्हा वापरला गेला, हे समितीपुढच्या साक्षींत होते. धनुर्वाताचे बीज मातीतच असते. शिवाय बाटली उघडताना वास घेतला होता. इतके दिवस आत धनुर्वाताचे जंतू वाढत असते तर दुर्गंधी सुटायला हवी होती, ती नव्हती. माझ्या मते एवढ्यावरून संशयाचा फायदा त्याला मिळायला हवा होता. मिळाला नाही, डॉक्टर नसलेल्या परक्याचा बळी देणे सोयीचे होते. मात्र लस घाईने पुरवण्याचा सरकारी तगादा आणि त्यापायी बदललेली पद्धत यांचा दोष मी पुसणार नाही.

त्याचे पद गेले. 1907 मध्ये रोनाल्ड रॉससह दहा शास्त्रज्ञांनी लंडनच्या 'टाइम्स'मध्ये पत्र लिहिले, तेव्हा कुठे त्याच्यावरचा ठपका पुसला गेला. त्याला पुन्हा नोकरी मिळाली ती कोलकात्यात. परळला तो प्रमुख म्हणून परतला नाही. 1925 मध्ये त्या संस्थेला हाफकिनचे नाव दिले गेले, तेव्हा तो देश सोडून युरोपात होता. पाच वर्षांनी लोझानमध्ये तो वारला.