संरचना विश्लेषणाचे सॉफ्टवेअर आणि हातचे गणित

स्टॅड किंवा ईटॅब्ससारखे सॉफ्टवेअर उघडून तुम्ही दहा मजली इमारतीची चौकट काही मिनिटांत सोडवता. 1930 पूर्वी अशी चौकट सोडवणे म्हणजे कित्येक समीकरणे एकाच वेळी कागदावर सोडवणे होते. त्या वर्षी इलिनॉय विद्यापीठातील प्राध्यापक हार्डी क्रॉस यांनी अवघ्या दहा पानांच्या लेखात मोमेंट वितरणाची पद्धत मांडली. आधी सगळे सांधे जखडलेले धरायचे, मग एकेक सांधा सोडून तेथला असमतोल मोमेंट त्याला जोडलेल्या तुळयांत आणि स्तंभांत त्यांच्या ताठरतेच्या प्रमाणात वाटायचा, दूरच्या टोकाला निम्मा पोचवायचा आणि असमतोल नगण्य होईपर्यंत हे करत राहायचे. काम कंटाळवाणे खरे, पण आकडे मांडता मांडता भार कोणत्या वाटेने खाली जातो हे अभियंत्याला आपोआप कळत जाई.

संगणक आल्यावर ही मेहनत गेली, आणि तिच्याबरोबर ही ओळखही जाऊ लागली. 1960 मध्ये बर्कलीचे रे क्लफ यांनी ‘फायनाइट एलिमेंट’ हे नाव रूढ केले. त्याच विद्यापीठातील एडवर्ड विल्सन यांनी 1970 मध्ये आपला प्रोग्रॅम प्रसिद्ध केला आणि त्याला ‘सॅप’ असे नाव दिले. स्ट्रक्चरल ॲनालिसिस प्रोग्रॅम या शब्दांची ती आद्याक्षरे आहेतच, पण इंग्रजी बोलीभाषेत सॅप म्हणजे भोळसट माणूस. हा श्लेष विल्सन यांनी जाणूनबुजून केला होता. प्रोग्रॅमला अक्कल नसते. संरचनेचे मॉडेल योग्य बांधणे आणि निष्कर्षांची जबाबदारी घेणे हे अभियंत्याचेच काम, हे वापरणाऱ्याच्या ध्यानात राहावे, असा त्यांचा हेतू होता. माझ्या मते आजच्या कोणत्याही सॉफ्टवेअरच्या जाडजूड माहितीपुस्तिकेपेक्षा हे तीन अक्षरी नाव जास्त शिकवून जाते.

हा इशारा वायफळ नव्हता. अमेरिकेतील हार्टफर्ड शहरातल्या क्रीडागृहाचे छत म्हणजे पोलादी दांड्यांची सुमारे 91 बाय 110 मीटरची त्रिमितीय जाळी होती. एवढ्या दांड्यांचे विश्लेषण हाताने कोण करणार? ते संगणकाने झाले. बांधकामाच्या काळातच छताचा झोळ गणितापेक्षा जवळजवळ दुप्पट भरला होता. तशी विचारणाही झाली, पण सिद्धांत आणि प्रत्यक्ष यांत थोडा फरक पडायचाच, असे म्हणून ती बाजूला ठेवली गेली. 18 जानेवारी 1978 च्या पहाटे बर्फाच्या भाराखाली ते छत कोसळले. आदल्या रात्री तिथे बास्केटबॉलचा सामना पाहायला सुमारे पाच हजार लोक बसले होते. चौकशीत असे आढळले की वरच्या थरातील दाबाखालच्या दांड्यांना मध्ये आधार आहे असे गणितात धरले होते, प्रत्यक्षातला आधार मात्र पुरेसा नव्हता. दांडीची निराधार लांबी वाढली की ती बाजूला वाकून निकामी होण्याचा भार वर्गाच्या व्यस्त प्रमाणात घटतो. लांबी दुप्पट झाली तर तो चौथ्या हिश्शावर येतो. आजही ही लांबी सॉफ्टवेअरला तुम्हीच सांगायची असते. तुम्ही जे सांगाल ते तो निमूटपणे खरे मानतो.

दुसरे उदाहरण नॉर्वेचे, आणि ते अधिक बारकाईने पाहण्यासारखे आहे. उत्तर समुद्रातील वायूच्या उत्खननासाठी ‘स्लीपनर ए’ या फलाटाचा काँक्रीटचा पाया बांधला जात होता. त्यात 24 कोठ्या होत्या. जिथे तीन कोठ्या एकमेकींना टेकतात तिथे मध्ये त्रिकोणी पोकळी उरते, आणि ती वरून उघडी असल्याने समुद्राच्या पाण्याने भरते. पलीकडची कोठी कोरडी असली की मधल्या भिंतीवर पाण्याचा पूर्ण दाब एकाच बाजूने पडतो. 23 ऑगस्ट 1991 रोजी स्टाव्हांगरजवळच्या खाडीत पाया सावकाश पाण्यात उतरवला जात असताना सुमारे 65 मीटर खोलीला अशीच एक भिंत फुटली आणि अख्खा पाया तळाशी गेला. कोणी दगावले नाही, पण नुकसान सुमारे 70 कोटी डॉलरचे झाले. तळाशी आदळल्याची नोंद भूकंपमापकावर 3 तीव्रतेची झाली.

विश्लेषण नॅस्ट्रान या नावाजलेल्या प्रोग्रॅमने केले होते आणि प्रोग्रॅममध्ये दोष नव्हता. भिंतीच्या टोकाशी मेश जाडाभरडा होता, एलिमेंट वेडेवाकडे होते, त्यामुळे तिथला शिअर सुमारे 47 टक्क्यांनी कमी मोजला गेला. त्यात भर म्हणजे त्या जागेतल्या सळ्या आखूड ठेवलेल्या. दुर्घटनेनंतर काळजीपूर्वक केलेल्या विश्लेषणात भिंत 62 मीटरला फुटेल असे उत्तर आले.

आता वही घ्या. 65 मीटर खोलीला पाण्याचा दाब दर चौरस मीटरला सुमारे 650 किलोन्यूटन. भिंतीचा एक मीटर उंचीचा पट्टा तुळईसारखा धरा आणि हिशेबापुरता गाळा 4 मीटर माना. समतोलाच्या नियमाने प्रत्येक टोकाला निम्मा भार, म्हणजे 1,300 किलोन्यूटन शिअर आला पाहिजे. 47 टक्के कमी म्हणजे पडद्यावर 690 च्या आसपास आकडा दिसेल. 1,300 आणि 690 यांतला फरक ओळखायला फायनाइट एलिमेंटचा अभ्यासक्रम लागत नाही. दुसऱ्या वर्षाची बलविज्ञानाची वही पुरते. मात्र 1,300 हा आकडा निकाल पाहण्याआधी काढलेला हवा. निकाल पाहून मग अंदाज बांधायला गेलात तर मन त्याच आकड्याकडे ओढ घेते.

म्हणून कोणतेही मॉडेल चालवल्यावर सर्वांत आधी आधारांवरच्या उभ्या प्रतिक्रियांची बेरीज एकूण उभ्या भाराशी जुळवा. किलोन्यूटन आणि किलोग्रॅम यांची गल्लत बहुधा इथेच उघडी पडते. मग विरूपित आकार पाहा: जिथे आधार धरला तिथे सांधा खरोखर स्थिर आहे का? शिअर महत्त्वाचा असेल तिथला मेश निम्म्या आकाराचा करून पुन्हा चालवा. उत्तर लक्षणीय बदलले तर पहिल्या उत्तरावर सळ्या ठरवू नका.

स्लीपनर बुडाल्यावर कंपनीला नवा पाया घाईने हवा होता. संगणकीय विश्लेषण नव्याने उभे करण्यात बराच वेळ जाणार होता, म्हणून अभियंत्यांनी संगणकपूर्व काळातल्या हातगणिताच्या पद्धतींनी आरेखन सुरू केले आणि संगणकाचे निकाल हाती येईपर्यंत ते पूर्णही केले. तो पाया 1993 मध्ये समुद्रात बसवला गेला.