परीक्षकांचा निर्णय अंतिम राहील

शालेय स्पर्धांच्या नियमपत्रकाच्या तळाशी हे वाक्य हमखास असते. त्यामागचा प्रश्न किती जुना आहे, हे ‘मालविकाग्निमित्र’ शिकविताना लक्षात येते. गणदास आणि हरदत्त या नाट्याचार्यांत श्रेष्ठ कोण, हा वाद राजापुढे येतो. परिव्राजिका कौशिकी परीक्षक होते. शिष्यांच्या प्रयोगावरून गुरूंची पारख करावी, असे ठरते. वरकरणी सारे चोख आहे. पण मालविका राजाच्या दृष्टीस पडावी म्हणून विदूषकाने हा घाट घातलेला, आणि परीक्षकबाईही त्यात सामील! हरदत्ताची पाळी येते तोच मध्यान्ह होते आणि त्याचा प्रयोग पुढे ढकलला जातो. त्याने दाद मागावी ती कोणाकडे?

आधुनिक हरदत्त न्यायालयाकडे जातो. केरळात १९५७ साली एर्नाकुलम येथे राज्याचा शालेय कलामहोत्सव सुरू झाला. पुढे तिथल्या श्रेणीला शालान्त परीक्षेत सवलतीचे गुण जोडले गेले आणि रंगमंचावरचे भांडण कागदावर आले. निकाल अमान्य असलेला विद्यार्थी शिक्षणखात्याकडे अपील करतो. तिथे जमले नाही तर लोकायुक्त, बालहक्क आयोग, उच्च न्यायालय. अपील मान्य झाले की अनामत भरून तो वरच्या फेरीत उतरतो. २०१८च्या त्रिशूर येथील महोत्सवात तर बालहक्क आयोगाच्या नावाचे बनावट आदेश सापडले. अखेर डिसेंबर २०२२मध्ये केरळ उच्च न्यायालयानेच पालकांना बजावले, की मुलांचे अपयश पचविता न येणे मुलांना नैराश्याकडे लोटू शकते.

महाराष्ट्रात असा अपिलांचा पूर आला नाही; पण मूल्यमापनाविषयीचा एक महत्त्वाचा खटला आपल्याच शालान्त मंडळाचा आहे. उत्तरपत्रिका पाहू न देण्याचा मंडळाचा नियम मुंबई उच्च न्यायालयाने रद्द ठरविला होता. १९८४ साली परितोष भूपेशकुमार शेठ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरविला. शैक्षणिक बाबतीत तज्ज्ञांच्या मताच्या जागी न्यायालयाने आपले मत बसवू नये, ही त्यामागची भूमिका. २०११ साली माहितीच्या अधिकाराखाली त्याच न्यायालयाने तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क मान्य केला. गुण बदलून मागण्याचा हक्क मात्र त्यातून आपोआप मिळाला नाही. पाहणे आणि पालटणे यांतले हे अंतर महत्त्वाचे आहे. नृत्याची तर उत्तरपत्रिकाच नसते. प्रयोग संपला की पुरावा संपला. उरतात ते परीक्षकाच्या तक्त्यावरचे आकडे. न्यायालय बेरीज तपासेल, परीक्षक आणि स्पर्धक यांचे नाते तपासेल. रसिकता तपासणार नाही.

आता तळोद्याकडे पाहू. सातपुड्याच्या पायथ्याशी भिल्ल आणि पावरा मुलांचे नृत्य ढोलाभोवती रिंगण धरून चालते. होळीत ते रात्रभर रंगते. त्याला समोर नाही आणि पाठ नाही. स्पर्धेत तेच नृत्य मोजक्या मिनिटांत, परीक्षकांकडे तोंड करून सादर करावे लागते. ‘रंगमंचाचा वापर’ या रकान्यात रिंगणाला गुण किती? २०१८पासून महाराष्ट्रातही शास्त्रीय कला, लोककला आणि चित्रकलेसाठी दहावीला वाढीव गुण मिळू लागले. त्यांसाठी प्रमाणपत्र लागते. आजीकडून शिकलेल्या गाण्याचे प्रमाणपत्र कोण देणार? आणि अन्याय झालाच, तर उच्च न्यायालयाचे खंडपीठ कन्नडच्या घाटापलीकडे, छत्रपती संभाजीनगरला. वकिलाचे शुल्क आणि मजुरी बुडवून मारलेले हेलपाटे ज्यांना परवडतात, त्यांचाच अन्याय नोंदला जातो.

म्हणून खटल्यांची संख्या हे अन्यायाचे माप नव्हे, असे आम्हांला वाटते. निकष आधी जाहीर व्हावेत, ती कला जाणणारा एक तरी परीक्षक असावा आणि निर्णयाबरोबर दोन ओळींचे कारण मुलाच्या हाती पडावे. आपण समीक्षेत कारणाविना मत स्वीकारत नाही. निर्णय अंतिम असू द्या; तो मुका नसावा.