फेबो मारी आणि मूकपटातील अभिनयाचा संयम

रंगभूमीवरील थोर नटाचे सामर्थ्य बव्हंशी त्याच्या वाणीत साठविलेले असते. ती वाणी काढून घेतली, तर त्याच्याजवळ काय उरते, हा प्रश्न विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात इटलीच्या मूकपटापुढे उभा राहिला. त्याचे उत्तर शोधणाऱ्यांत फेबो मारी या नट-दिग्दर्शकाचे कार्य लक्षणीय आहे. तथापि चित्रपटाच्या इतिहासात त्याचे नाव बहुधा एका थोर अभिनेत्रीच्या चरित्रातील उपप्रसंग म्हणूनच येते.

मारी हा सिसिलीतील मेस्सिना शहराचा; त्याचे मूळ आडनाव रोद्रिगेझ. रंगभूमीवरून तो तुरिन येथील चित्रपटसृष्टीत आला. जोव्हान्नी पास्त्रोने याने दिग्दर्शित केलेल्या 'इल फुओको' म्हणजे 'अग्नी' या चित्रपटात, पीना मेनिकेल्ली हिच्या मोहिनीने उद्ध्वस्त होणाऱ्या चित्रकाराची भूमिका त्याने केली. ठिणगी, ज्वाला आणि राख असे या चित्रपटाचे तीन भाग आहेत. विस्फारलेले नेत्र, मागे झुकलेली मान, आवेगाने ताणलेले शरीर ही त्या काळच्या नायिकाप्रधान इटालियन चित्रपटांची प्रचलित अभिनयभाषा होती, आणि ती मारीला पूर्णपणे अवगत होती.

दिग्दर्शक म्हणून मात्र त्याला निराळ्या परंपरेच्या कलावंतांशी गाठ घालावी लागली. १९१५ च्या 'लेमिग्रान्ते' या चित्रपटात वास्तववादी अभिनयासाठी ख्यातनाम असलेला एर्मेते झाक्कोनी त्याने देशांतर करणाऱ्या माणसाच्या भूमिकेत उभा केला. पुढच्याच वर्षी आम्ब्रोझिओ कंपनीसाठी त्याने 'चेनेरे', म्हणजे 'राख', हा चित्रपट निर्माण केला. ग्रात्सिया देलेद्दा हिच्या १९०४ मधील कादंबरीवर तो आधारलेला असून त्यात एलेओनोरा दुसे हिने आईची भूमिका केली. १९०९ साली रंगभूमीचा निरोप घेतलेली दुसे तेव्हा साठीच्या उंबरठ्यावर होती. चित्रपटाच्या संहितेतही तिचा सहभाग होता.

अविवाहित माता रोझालिया आपल्या मुलाच्या गळ्यात ताईत बांधून त्याला पित्याच्या घरी सोडून जाते. मोठा झालेला आनानिया तिचा शोध घेतो, परंतु तिचे अस्तित्व त्याच्या सुखाच्या आड येते, आणि अखेर ती जीवनाचा अंत करून घेते. आपल्याला छायेतच राहू द्यावे, अशी विनंती दुसे हिने मारीला केली होती. मारीने ती मानली, यातच त्याच्या दिग्दर्शनाची जाण दिसते. कॅमेरा तिच्यापासून बराच अंतर राखतो. पुष्कळदा मुख वळलेले किंवा वस्त्राने झाकोळलेले असते. शुभ्र केस आणि अस्वस्थ हात यांतूनच मातेची व्यथा प्रकट होते. वाणीची उणीव अतिरिक्त हावभावांनी भरून काढण्याचा मोह येथे टाळलेला आहे.

या कृतीतील उणिवाही स्पष्ट आहेत. कथा सार्डिनियाची असली, तरी चित्रीकरण पिएमोन्तच्या डोंगराळ प्रदेशात झाले. सुमारे अर्ध्या तासाच्या उपलब्ध प्रतीत कादंबरीतील सामाजिक तपशील पुष्कळसा गळालेला आहे. आनानियाची भूमिका स्वतः मारीने केली असून, दुसेच्या संयमाशेजारी त्याचा अभिनय जुन्या आवेशाचाच वाटतो. दुसऱ्याच्या अभिनयात त्याने जे ओळखले, ते स्वतःच्या अभिनयात त्याला पूर्णपणे आणता आले नाही. १९१७ च्या 'इल फाउनो'मध्ये, शिल्पातून जिवंत होणाऱ्या वनदेवाच्या भूमिकेत, तो पुन्हा त्याच अलंकृत शैलीकडे वळला.

चित्रपटाला व्यावसायिक यश लाभले नाही. दुसे १९२१ मध्ये रंगभूमीवर परतली आणि १९२४ मध्ये निवर्तली; दुसरा चित्रपट तिने केला नाही. मारीचा मृत्यू १९३९ साली रोम येथे झाला. रंगभूमीची कला प्रयोगाबरोबरच लोपते. म्हणून दुसेच्या अभिनयाविषयी लिहिणाऱ्या प्रत्येकाला अखेर समकालीनांच्या वर्णनांवर विसंबावे लागते. तिची हालचाल प्रत्यक्ष पाहावयाची असेल, तर 'चेनेरे'खेरीज अन्य आधार नाही. तो आधार विश्वसनीय राहिला, याचे श्रेय तिला छायेत राहू देणाऱ्या दिग्दर्शकालाही दिले पाहिजे.