वारीच्या वाटेवरील हिशेब

घड्याळ घरोघरीं येण्यापूर्वीं पायीं प्रवासाची मोजणी कोसानें व प्रहरानें होत असे. कोस म्हणजे सुमारें २ मैल, प्रहर म्हणजे ३ तास. १८९२ मध्यें स्कॉटलंडच्या विल्यम नेस्मिथ या गिर्यारोहकानें डोंगरवाटेसाठीं नियम बांधला : दर ३ मैलांस १ तास, आणि दर २००० फूट चढास आणखी १ तास.

हा नियम वारीच्या वाटेस लावून पहावा. बारामती ते इंदापूर सुमारें ३० मैल. मुलूख बहुतेक सपाट. म्हणजे १० तासांची चाल! परंतु श्रीतुकोबांची पालखी बारामतीहून निघून सणसर व निमगांव केतकी येथें मुक्काम करून इंदापुरास पोहोंचते. काटेवाडीस मेंढ्यांचें रिंगण, बेलवडीस अश्वांचें, आणि गांवोगांवीं दर्शनाची गर्दी. हा वेळ त्या नियमांत धरलेला नाहीं.

तुकोबांचे पुत्र नारायणमहाराज यांनीं १६८५ मध्यें या पालखी सोहळ्यास आरंभ केला. त्याचें गणित शेवटाकडून मांडावें लागतें. आषाढी एकादशी ठरलेली. तिच्यापासून मागें मोजीत ज्येष्ठ वद्य सप्तमीस देहूहून प्रस्थान होतें. तिथीचा क्षय वा वृद्धि झाली, तर मुक्कामांचा मेळ पुन्हां बसवावा लागतो.

एकट्या वाटसरूचा अंदाज चुकला तर एक रात्र उघड्यावर जाते. दिंडीचा चुकला तर मागें पडलेल्या म्हाताऱ्याची एकादशी हुकते. म्हणून तेथें मंद पावलाच्या माणसाची चाल प्रमाण मानावी लागते.