तिलानच्याओची वारसा-फेरी : शांघायमधील एका वस्तीचे इतिहासवाचन

प्रस्तावना

मुंबईचा फोर्ट विभाग असो वा पुण्याच्या पेठा, ‘वारसा-फेरी’ हा प्रकार आता महाविद्यालयीन अध्यापकांच्या परिचयाचा झाला आहे. एखाद्या जाणकाराच्या मागोमाग दोन-अडीच तास पायी हिंडून वस्ती पाहणे, हे वरवर पाहता मनोरंजन वाटते. तथापि अशी फेरी ही इतिहासाची एक मांडणीच असते. कोठे थांबावयाचे, कोणत्या घरावरून न थांबता पुढे जावयाचे, कोणाचे नाव घ्यावयाचे हे ठरविताना फेरीचा आयोजक ग्रंथकाराप्रमाणेच निवड करीत असतो. फरक इतकाच की, ग्रंथात जे गाळले जाते ते वाचकाला दिसत नाही. फेरीत गाळलेली गोष्ट पुष्कळदा डोळ्यांसमोर उभी असते.

प्रस्तुत लेखात शांघायमधील तिलानच्याओ या वस्तीच्या फेरीचा या दृष्टीने विचार केला आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात युरोपातून आलेल्या ज्यू निर्वासितांना येथे आसरा मिळाला, ही त्या फेरीची मुख्य कथा होय. ती कथा खरी आहे आणि सांगण्याजोगीही आहे. प्रश्न एवढाच उरतो की, ज्या घरांच्या भिंती दाखवून ती सांगितली जाते, त्या घरांचा स्वतःचा इतिहास तिच्यात कितपत मावतो.

फेरीचा मार्ग

तिलानच्याओ ही वस्ती हाँगखौ विभागात, सूचौ नाल्याच्या उत्तरेस, ह्वांगफू नदीपासून थोड्या अंतरावर वसलेली आहे. नावाचा अर्थ ‘टोपली हाती घेऊन जाण्याचा पूल’ असा होतो. जवळच्या श्याहाय मंदिराकडे उदबत्त्यांच्या टोपल्या घेऊन जाणाऱ्या स्त्रियांमुळे हे नाव पडले, असे परंपरेने सांगितले जाते.

फेरीचा प्रारंभ बहुधा चांगयांग रस्त्यावरील ओहेल मोशे सिनेगॉगपाशी होतो. रशियन ज्यूंच्या मंडळीने १९२७ मध्ये ही वास्तू सिद्ध केली. १९४९ नंतर ती इतर कामांसाठी वापरली गेली. काही काळ तेथे मानसोपचार रुग्णालयही होते. २००७ मध्ये जीर्णोद्धार होऊन ती शांघाय ज्यू निर्वासित संग्रहालयाचा भाग झाली. विस्तारानंतर २०२० च्या डिसेंबरमध्ये संग्रहालय पुन्हा खुले झाले. प्रांगणातील ताम्रभिंतीवर निर्वासितांची नावे कोरलेली आहेत. २०१४ मध्ये ती उभारली तेव्हा त्यांची संख्या १३,७३२ होती.

तेथून जवळच १९०३ मध्ये सुरू झालेल्या तुरुंगाची उंच भिंत लागते. आंतरराष्ट्रीय वसाहतीच्या या तुरुंगात पहारेकरी म्हणून पंजाबातून आलेले शीख होते, ही गोष्ट भारतीय अभ्यासकाने तरी विसरू नये. पुढे चौशान रस्त्यावर लाल विटांच्या घरांची ओळ आहे. निर्वासितांच्या उपाहारगृहांमुळे व दुकानांमुळे हा भाग ‘छोटे व्हिएन्ना’ म्हणून ओळखला जाई. याच रस्त्यावर राहिलेला मायकेल ब्लूमेंथाल नावाचा मुलगा पुढे १९७७ ते १९७९ या काळात अमेरिकेचा अर्थमंत्री झाला. मार्गदर्शक या घरापुढे हमखास थांबतात. ह्वोशान उद्यानात चिनी, इंग्रजी व हिब्रू अशा तीन भाषांतील स्मारकशिला आहे, ती १९९४ ची.

उघड्या बंदराची कथा

‘जगाने दारे बंद केली तेव्हा शांघायने दार उघडले’, असा या कथेचा प्रचलित आशय आहे. इतिहासाच्या कसोटीवर तो थोडा तपासून घ्यावा लागतो. १८४२ च्या नानकिंग तहाने शांघाय परकीय व्यापारास खुले झाले आणि १८६३ मध्ये ब्रिटिश व अमेरिकन वसाहती एकत्र होऊन आंतरराष्ट्रीय वसाहत अस्तित्वात आली. ऑगस्ट ते नोव्हेंबर १९३७ च्या लढाईनंतर शहराचा चिनी भाग जपानच्या ताब्यात गेला. चिनी सरकारचा बंदरावरील अधिकार संपला होता आणि येणाऱ्याचा परवाना तपासण्याचे काम दुसऱ्या कोणी हाती घेतलेले नव्हते. नोव्हेंबर १९३८ मध्ये जर्मनी व ऑस्ट्रियात ज्यूंवर संघटित हल्ले झाल्यानंतर हे बंदर हजारोंना उपयोगी पडले. ते मुख्यतः सत्ताधीशांच्या या गोंधळामुळे उघडे राहिले होते. वसाहतीच्या नगर परिषदेने तर निर्वासितांचा ओघ थांबविण्याचाच प्रयत्न केला आणि ऑगस्ट १९३९ पासून प्रवेशावर निर्बंध आले. तोपर्यंत बहुसंख्य निर्वासित येऊन पोहोचले होते; युरोपातून आलेल्यांची एकूण संख्या सुमारे १८,००० ते २०,००० मानली जाते.

याचा अर्थ व्यक्तींच्या धैर्याला मोल नाही असा मुळीच नव्हे. व्हिएन्नातील चिनी महावाणिज्यदूत हो फंगशान यांनी वरिष्ठांची नाराजी पत्करून शेकडो ज्यूंना प्रवेशपरवाने दिले. शांघायला उतरण्यासाठी तो कागद आवश्यक नव्हता. ऑस्ट्रियातून बाहेर पडण्यासाठी मात्र तो जीवनमरणाचा होता. इस्रायलमधील याद वाशेम संस्थेने २००० साली त्यांचा मरणोत्तर गौरव केला. संस्थेचे उपकार आणि माणसाचे धैर्य या दोन गोष्टी फेरीच्या निवेदनात एकमेकींत मिसळतात आणि शहरालाच एक उदार मन लाभल्यासारखे होते.

गल्लीतील शेजारी

निर्वासित हाँगखौतच का राहिले? येथे भाडे स्वस्त होते. ते स्वस्त होते कारण १९३७ च्या लढाईत हा भाग उद्ध्वस्त झाला होता आणि येथील चिनी कुटुंबे जीव वाचवून नाल्याच्या दक्षिणेस पळाली होती. म्हणजे एका निर्वासिताला मिळालेली खोली ही दुसऱ्या निर्वासिताने सोडलेली होती. या विषयातील सर्वांत महत्त्वाची वस्तुस्थिती हीच होय आणि निवेदनात तिला सर्वांत कमी वेळ मिळतो.

त्याच वर्षी फादर झाकिनो या फ्रेंच जेझुइट धर्मगुरूने जुन्या चिनी शहरात उभारलेल्या सुरक्षित क्षेत्रात अडीच लाखांहून अधिक चिनी लोकांनी आश्रय घेतला होता. थोडे आणखी मागे गेल्यास असे दिसते की, शांघायची प्रसिद्ध गल्लीघरे ही मुळातच निर्वासितांच्या गरजेतून निर्माण झालेली आहेत. १८५३ नंतरची बंडे आणि थायफिंग युद्ध यांमुळे आसपासच्या प्रांतांतील लोक परकीय वसाहतींत लोटले. त्यांना भाड्याने देण्यासाठी व्यापाऱ्यांनी ओळीने घरे बांधली. पुढे त्यांनाच दगडी चौकटीच्या दारामुळे ‘शिखुमन’ हे नाव मिळाले. मुंबईच्या चाळीशी या घरांची तुलना करण्याचा मोह होतो. भाडेकरूंची दाटी, समाईक नळ आणि गल्लीत चालणारा संसार यांपुरती ती तुलना योग्यही आहे. परंतु चाळीचा प्राण असलेली लांब गॅलरी येथे नाही. येथे तिची जागा गल्लीनेच घेतलेली असते. स्वयंपाकघराच्या वर, जिन्याच्या वळणावर, उत्तरेकडे तोंड असलेली एक छोटी खोली असे. उन्हाळ्यात तापणारी आणि थंडीत गारठणारी ही सर्वांत स्वस्त खोली गरीब चिनी लेखकांच्या वाट्याला येई, तशीच पुढे व्हिएन्नाच्या वकिलाच्याही वाट्याला आली.

१८ फेब्रुवारी १९४३ रोजी जपानी अधिकाऱ्यांनी घोषणा काढून १९३७ नंतर आलेल्या ‘राष्ट्रीयत्वहीन निर्वासितांना’ तीन महिन्यांत एका ठरावीक क्षेत्रात राहावयास जाण्याचा हुकूम दिला. घोषणेत ज्यू हा शब्द नव्हता. अडीच चौरस किलोमीटरच्या सुमाराचे ते क्षेत्र म्हणजेच ही वस्ती. येथे युरोपातील घेट्टोंप्रमाणे भिंत वा काटेरी तार नव्हती. वेशीवर निर्वासितांपैकीच पाळीने नेमलेले पहारेकरी उभे असत. बाहेर कामास जाण्यासाठी परवाना लागे आणि तो देणाऱ्या गोया नावाच्या जपानी अधिकाऱ्याचा लहरी छळ बहुतेक आठवणींत येतो.

या क्षेत्रात त्याच वेळी सुमारे एक लाख चिनी लोक राहत होते. निर्वासितांच्या आठवणींत ते येतात ते बहुधा कामाच्या रूपाने. कोळसा महाग झाल्यामुळे थर्मास घेऊन ज्याच्याकडे जावे लागे तो उकळत्या पाण्याचा दुकानदार, पहाटे मैल्याची गाडी ओढीत येणारा मनुष्य, अंगणात भाजी निवडणारी शेजारीण. शेजार होता, भाषा फारशी नव्हती. लहान मुलांनी मात्र ती लवकर उचलली. १७ जुलै १९४५ रोजी अमेरिकन विमानांनी या भागावर बाँब टाकले तेव्हा सुमारे चाळीस निर्वासित ठार झाले. चिनी मृतांची संख्या त्याच्या कितीतरी पट होती आणि तिचे अंदाज परस्परांशी जुळत नाहीत. निर्वासित डॉक्टरांनी त्या दिवशी दोन्ही समाजांच्या जखमींवर उपचार केले.

मुंबईचा धागा

भारतीय वाचकाच्या दृष्टीने या वस्तीचा एक धागा थेट मुंबईस येऊन मिळतो. मुंबईची ओझरती भेट तर अनेक निर्वासितांना घडली होती. इटलीहून सुएझमार्गे शांघायला जाणाऱ्या बोटी मुंबई बंदराला लागत. परंतु खरा संबंध भांडवलाचा आहे. बगदाद सोडून १८३२ च्या सुमारास मुंबईत आलेले डेव्हिड ससून आणि त्यांचे पुत्र यांनी चीनशी जो व्यापार उभारला, त्यात कापसाबरोबर माळव्याच्या अफूचा वाटा फार मोठा होता. ही अफू मुंबई बंदरातून जाई आणि तिच्यावरील शुल्काने सरकारी तिजोरी भरे. डेव्हिड ससून १८६४ मध्ये पुण्यात निवर्तले; त्यांची समाधी तेथील ‘लाल देवळा’च्या आवारात आहे. काळाघोड्याचे ग्रंथालय, १८७५ चा ससून डॉक, पुण्याचे रुग्णालय ही नावे मराठी माणसाच्या रोजच्या बोलण्यातील आहेत.

याच घराण्यातील जेकब ससून यांनी मुंबईच्या फोर्टमधील केनेसेथ एलियाहू आणि शांघायमधील ओहेल रेचेल ही दोन्ही सिनेगॉग बांधविली. अफूचा व्यापार १९०७ च्या करारानंतर टप्प्याटप्प्याने बंद झाला. तोवर पैसा मुंबईच्या गिरण्यांत आणि शांघायच्या जमिनीत शिरला होता. व्हिक्टर ससून यांनी १९२९ मध्ये नदीकाठी कॅथे हॉटेल उभारले आणि पुढच्या काही वर्षांत आपल्या भांडवलाचा मोठा भाग मुंबईहून शांघायला हलविला. बोटीतून उतरलेल्या निर्वासितांची पहिली सोय सूचौ नाल्याकाठच्या ज्या प्रचंड इमारतीच्या तळमजल्यावर झाली, तीही त्यांचीच होती. परळ-लालबागच्या साचेखात्यांतील घाम आणि चिनी गावांतील व्यसन यांतून जमलेला पैसा व्हिएन्नाच्या अनाथाच्या ताटात पडला. त्यामुळे दानाचे मोल कमी होत नाही, परंतु दात्याचे नाव उच्चारताना पैशाचा हा प्रवासही सांगावयास हवा. फेरीत ससून येतात ते केवळ दाते म्हणून.

पाटी आणि पाडकाम

युद्धानंतर थोड्याच वर्षांत बहुतेक निर्वासित अमेरिका, ऑस्ट्रेलिया, इस्रायल येथे निघून गेले. रिकाम्या खोल्यांत चिनी कुटुंबे आली आणि अर्ध्या शतकाहून अधिक काळ राहिली. घरांनी सर्वांत जास्त वर्षे पाहिली ती या लोकांची. तिलानच्याओ हे शहराच्या संरक्षित ऐतिहासिक क्षेत्रांपैकी एक ठरले. त्याच्या सभोवतालच्या हाँगखौत मात्र जुन्या गल्ल्या पाडून उंच इमारती उभ्या राहिल्या. नदीच्या बाजूचा ३२० मीटर उंचीचा मनोरा २०१७ मध्ये पूर्ण झाला. निर्वासितांची स्मृती जोडली गेल्यामुळे काही ओळी वाचल्या, हे नाकारता येत नाही. पण ज्या घराशी अशी स्मृती जोडलेली नव्हती, त्याच्या बाजूने बोलण्यास पाटीही नव्हती.

जतन म्हणजे काय, हा प्रश्नही येथे गुंतागुंतीचा आहे. संग्रहालयासमोरील ‘व्हाइट हॉर्स’ हे उपाहारगृह १९३९ मध्ये निर्वासितांनी सुरू केले होते. रस्ता रुंद करताना मूळ इमारत पाडली गेली आणि २०१५ मध्ये तिची प्रतिकृती नव्या जागी उभी राहिली. उलट, मीर येथील तल्मूद-पाठशाळेचे विद्यार्थी युद्धकाळात जेथे अध्ययन करीत, ते मुंबईत वाढलेल्या सायलस हार्डून यांनी बांधविलेले बेथ अहारोन सिनेगॉग १९८५ मध्येच जमीनदोस्त झाले. ते नदीकाठच्या व्यापारी भागात, सूचौ नाल्याच्या दक्षिणेस होते आणि म्हणून हाँगखौच्या फेरीच्या वाटेवर येत नाही. श्याहाय मंदिर मात्र चौशान रस्त्यापासून पायी काही मिनिटांवर आहे. तेथे भिक्षुणी राहतात आणि वस्तीला जिच्यामुळे नाव पडले असे म्हणतात ती उदबत्ती अजून लावली जाते.