‘रेस्तावेक’ : हैती देशांतील एका शब्दाचा अर्थ व व्यवहार

हैती येथील क्रेओल भाषेंत ‘रेस्तावेक’ असा एक शब्द आहे. आईबापांनीं परक्या घरीं ठेवलेलें, त्या घरचें काम वेतनावांचून करणारें, आणि बदल्यांत अन्न, वस्त्र व शाळा मिळेल अशा तोंडी बोलीवर राहणारें अल्पवयी मूल, हा त्याचा रूढ अर्थ. इतक्या दूरच्या शब्दाचा विचार ह्या त्रैमासिकांत कशासाठीं, असें कांहीं वाचकांस वाटेल. त्याचें कारण असें कीं, आपण जुन्या कागदांवर काम करणारे लोक जेथें कागद तेथेंच इतिहास पाहतों, आणि हा व्यवहार मुळांतच बिनकागदी आहे. मूल ठेवतांना करारनामा होत नाहीं, किंमत ठरत नाहीं, मुदत लिहिली जात नाहीं. तेव्हां शब्द हाच येथें पहिला दस्तऐवज होय, व तो दस्तऐवजाप्रमाणेंच अक्षर लावून वाचला पाहिजे.

हैती म्हणजे कॅरिबियन समुद्रांतील हिस्पॅनिओला बेटाचा पश्चिमेकडील सुमारें तृतीयांश भाग. इ. स. १६९७ च्या रिस्विकच्या तहानंतर तो ‘सँ-दोमँग’ ह्या नांवानें फ्रेंचांकडे राहिला. इ. स. १७९१ त तेथील गुलामांनीं उठाव केला आणि १ जानेवारी १८०४ रोजीं स्वतंत्र राज्य जाहीर झालें. सर्व लोकांची बोली क्रेओल. फ्रेंच ही थोड्या शिकलेल्यांची. असें असूनही क्रेओलला फ्रेंचच्या बरोबरीनें राजभाषेचा मान मिळाला तो इ. स. १९८७ च्या घटनेनें, आणि तिची आजची लेखनपद्धति इ. स. १९७९ पासूनची. म्हणून हा शब्द दोन तऱ्हांनीं लिहिलेला आढळतो. फ्रेंच वळणाच्या लेखनांत अंत्य ‘क’काराकरितां ‘सी’ हें अक्षर येतें, नव्या क्रेओल लेखनांत ‘के’ हें अक्षर. झाँ-रोबेर कादे ह्यांनीं स्वतःच्या अशा बालपणाची हकीकत इ. स. १९९८ त इंग्रजींत प्रसिद्ध केली. तिच्या नांवांत पहिलें रूप आहे. ग्रंथसूची चाळणारानें दोन्ही रूपें पाहावीं, नाहींतर निम्में साहित्य निसटतें.

व्युत्पत्तीविषयीं वाद नाहीं. फ्रेंच भाषेंत ‘रेस्ते’ म्हणजे राहणें व ‘आवेक’ म्हणजे सह. हीं दोन पदें जुळून नाम झालें. परंतु एवढ्यावर थांबूं नये. क्रेओलमध्यें राहणें ह्या अर्थाचें घरचें क्रियापद ‘रेते’ असें आहे, त्यांत ‘स’कार नाहीं. तूं कोठें राहतोस असें विचारतांना हैतीचा खेडूत ‘कोते ऊ रेते’ असें म्हणतो. हा शब्द खेड्यांतील बोलीच्या सामग्रीनें घडला असता तर त्यांत ‘रेते’ दिसलें असतें. ‘स’कार टिकला आहे त्या अर्थीं, माझ्या मतें, तो फ्रेंच बोलणाऱ्या शहरी घरांतून खालीं उतरलेला आहे. मूल देणाऱ्यांचा हा शब्द नव्हे, ठेवून घेणाऱ्यांचा आहे. ह्या अनुमानास पुढें व्यवहाराचाही आधार मिळेल.

व्याकरणदृष्ट्या तर तो विलक्षणच म्हटला पाहिजे. ‘सह’ ह्या अर्थाच्या पदास आकांक्षा असते. कोणासह, हें सांगावें लागतें. संस्कृतांत त्याच्या योगें तृतीया येते. येथें तें तृतीयेचें पदच गळालें आहे. शब्दांत धनी नाहीं, काम नाहीं, वेतन नाहीं, नातें नाहीं. आपल्याकडील सेवकवाचक शब्द पाहा. ‘भृतक’ म्हटलें कीं भृति दिसते. ‘किंकर’ म्हटलें कीं काय करूं असें विचारीत उभा राहिलेला चाकर दिसतो. ‘प्रेष्य’ शब्दांत पाठविणारा गृहीतच आहे. ‘रेस्तावेक’ मध्यें नुसतें राहणें आहे, आणि तें कोणापाशीं हें सांगण्याचीही कोणास गरज वाटलेली नाहीं.

ह्या रचनेच्या सर्वांत जवळचा संस्कृत शब्द म्हणजे ‘अन्तेवासी’, जवळ राहणारा. त्याचा अर्थ शिष्य असा करून आपण मोकळे होतों. परंतु नारदस्मृतींतील अभ्युपेत्याशुश्रूषा ह्या प्रकरणांत शुश्रूषा करणारांचे जे पांच वर्ग सांगितले आहेत त्यांत शिष्य, अन्तेवासी, भृतक, अधिकर्मकृत् व दास हे एकाच ओळींत बसविलेले आहेत. आणि तेथला अन्तेवासी म्हणजे कारागिराच्या घरीं राहून त्याची कला शिकणारा मुलगा. त्यानें आप्तांच्या संमतीनें यावें व राहण्याची मुदत आधीं ठरवावी. आचार्यानें त्यास स्वतःच्या घरीं जेवूं घालून शिकवावें, त्याजकडून दुसरें काम करवूं नये, पुत्राप्रमाणें वागवावें, असा नियम आहे. दोन्ही शब्दांत मूळ कल्पना सहवासाचीच. पण एकामागें संमति, मुदत, विद्या आणि मनाई अशीं चार बंधनें उभीं आहेत. दुसऱ्यामागें, आईबापांची संमति सोडली तर, कांहींच नाहीं. स्मृतिकारास मनाई करावी लागली त्या अर्थीं शिकविण्याच्या नांवाखालीं पाणी भरून घेणारे आचार्य त्यालाही ठाऊक असले पाहिजेत, हें ओघानें आलेंच.

आतां व्यवहार. मूल बहुधा खेड्यांतून पोर्ट-ओ-प्रिन्ससारख्या शहरांत येतें. कधीं नातलगाकडे, कधीं ओळखीच्या घरीं, कधीं ‘कूत्ये’ म्हणजे मध्यस्थ दलालाच्या हातून. त्यांत मुली अधिक. घरांत सर्वांच्या आधीं उठावयाचें, सार्वजनिक नळावरून डोक्यावर पाण्याच्या बादल्या आणावयाच्या, चूल पेटवावयाची, झाडलोट, धुणें, बाजार करावयाचा, रात्रीचीं मलपात्रें ओतावयाचीं, आणि घरच्या मुलांस शाळेंत पोंचवून स्वतः दारांतून परत फिरावयाचें. ज्याचा जन्म मास्तरकींत गेला त्यास हा शेवटला तपशील इतर सर्वांपेक्षां अधिक टोंचतो, कारण मूल घरांतून निघालें तें बहुतकरून शाळेच्याच आशेनें. निजावयास पुष्कळदां जमीन. हीं घरें श्रीमंतांचींच असतात असा समज मात्र करून घेऊं नये. शहराच्या गलिच्छ वस्त्यांतील बेताच्या स्थितीचीं कुटुंबेंही अशीं मुलें ठेवतात. ज्या घरीं नळ नाहीं त्या घरास पाणी भरणाऱ्याची गरज श्रीमंतापेक्षां अधिक असते.

‘रेस्तावेक’ हा शब्द हैतींत उघड उघड हीनतादर्शक आहे. कोणी प्रौढ मनुष्य दुसऱ्याच्या तंत्रानें चालूं लागला तर त्यासही हा शब्द फेंकून मारतात. तो मुलाच्या पाठीमागें बोलला जातो, किंवा त्याला दुखविण्यासाठीं तोंडावर. सभ्यपणें बोलावयाचें असलें तर लोक ‘तिमून की रेते काय मून’ असें म्हणतात. ही रचना पाहण्यासारखी आहे. ‘मून’ म्हणजे माणूस, फ्रेंच ‘मोंद’ (जग, लोक) ह्यापासून. ‘तिमून’ म्हणजे छोटें माणूस, अर्थात् मूल. ‘काय’ म्हणजे घर. शब्दशः अर्थ, माणसांच्या घरीं राहणारें मूल. पण येथें ‘माणसांच्या’ म्हणजे परक्यांच्या. मराठींत ‘लोकाचें पोर’ म्हणतांना ‘लोक’ शब्द जें काम करतो तेंच. आणि ह्या वाक्यांशांत ‘रेते’ आहे, ‘रेस्ते’ नाहीं, हें वाचकांच्या लक्षांत आलेंच असेल. बोलीनें स्वतःच्या शब्दांनीं सांगितलें तेव्हां कोणाच्या घरीं हें सांगितलें, व राहणाऱ्यास मूल म्हटलें. वर केलेल्या अनुमानाचा आधार तो हाच. ‘तूत मून से मून’, म्हणजे प्रत्येक माणूस माणूसच, ही म्हण त्याच बोलींतली.

तिसरें एक नांव वाङ्मयांतून आलें. मोरिस सिक्स्तो (१९१९–१९८४) हे हैतीचे नामांकित कथाकथनकार. त्यांच्या कथा छापण्यापेक्षां ध्वनिमुद्रणांतून घरोघर पोंचल्या. ‘ती सेंतानीज’ ह्या त्यांच्या कथेंतील मोलकरीण पोर इतकी प्रसिद्ध झाली कीं अशा कोणत्याही मुलीस तिच्या नांवानें ओळखूं लागले. विशेषनामाचें सामान्यनाम झालें. निनांवी वर्गास एक नांव मिळालें खरें, तरी त्या मुलीचें स्वतःचें नांव त्यांत पुनः लोपलेंच.

ही चाल जुन्या गुलामगिरीचा अवशेष आहे असें पुष्कळ ठिकाणीं लिहिलेलें आढळतें. ह्याविषयीं थोडें सावधपणें बोललें पाहिजे. फ्रेंच अमदानींतील गुलामांविषयीं इ. स. १६८५ चा ‘कोद न्वार’ हा कायदा होता. त्यांत गुलामाचा आठवड्याचा शिधा मोजून दिलेला आहे. दहा वर्षांखालील मुलास मोठ्याच्या निम्मा, अशी सुद्धां तरतूद आहे. धनी ती पाळीत असत असें मुळींच नाहीं. पण गुलाम मूल ही मालमत्ता होती; तिची किंमत होती, म्हणून मळ्यांच्या याद्यांत तिची नोंद होई. आपल्याकडील कुणबिणींच्या खरेदीचे उल्लेख पेशवे दप्तरांत सांपडतात तेही ह्याच कारणानें. जेथें पैसा हातचा सुटतो तेथें कागद होतो. रेस्तावेकला किंमत नाहीं, म्हणून त्याचा कागद नाहीं. इ. स. १८०५ च्या घटनेनें गुलामगिरी कायमची बंद केली, तेव्हां बंद झाला तो मालकीचा व्यवहार. घरीं ठेवून घेण्याचा व्यवहार त्या शब्दांत बसतच नव्हता.

ह्या चालीस पोसणारीं कारणें मात्र स्पष्ट दिसतात. स्वातंत्र्यास मान्यता देण्याच्या मोबदल्यांत फ्रान्सनें इ. स. १८२५ त पंधरा कोटि फ्रँकांची खंडणी लादली, इ. स. १८३८ त ती कमी झाली तरी तिचें कर्ज पिढ्यान् पिढ्या फिटलें नाहीं. इ. स. १८२६ च्या ग्रामीण कायद्यानें कुळांस जमिनीशीं जखडून टाकलें. शाळा, दवाखाना, नळ जें कांहीं झालें तें शहरांत. खेड्याच्या वांट्यास कर आला. अशा खेड्यांतील आईनें मूल शहरांत धाडलें तर तिनें तें विकलें असें म्हणतां येत नाहीं. संयुक्त राष्ट्रांच्या इ. स. १९५६ च्या करारांत मात्र अठरा वर्षांखालील मूल श्रमाच्या शोषणासाठीं दुसऱ्याच्या हवालीं करणें हें गुलामगिरीसदृश चालींत घातलें आहे, व इ. स. २००९ त हैतीस गेलेल्या त्यांच्या प्रतिवेदिका गुलनारा शाहिन्यान ह्यांनीं ह्या चालीस आधुनिक गुलामगिरीच म्हटलें. न्यायासनासमोर ती संज्ञा योग्य आहे असें मला वाटतें. कोशकाराच्या हातीं ती अपुरी पडते. कारण गुलामास निदान मालक असतो.

हैतीच्या कायद्यांतील भाषा ह्या दृष्टीनें तपासण्यासारखी आहे. इ. स. १९८४ च्या कामगार-संहितेंत ह्या मुलांस ‘सेवेंतील मुलें’ असें म्हटलें होतें. बारा वर्षांखालील मूल घरकामास ठेवूं नये, ठेवणारानें समाजकल्याण खात्याची परवानगी घ्यावी, मुलास चांगल्या पित्याप्रमाणें वागवावें, नीट अन्न, वस्त्र व निवारा द्यावा, शाळेंत घालावें, आणि पंधरा वर्षें पुरीं झाल्यावर वेतन द्यावें, असे नियम होते. नारदाच्या नियमांशीं हे किती जुळतात! परिणाम असा झाला कीं पंधराव्या वर्षाच्या सुमारास पुष्कळ मुलांस घराबाहेर काढून त्यांच्या जागीं लहान मुलें आणण्यांत येऊं लागलीं. इ. स. २००३ त मुलांच्या छळाविरुद्ध नवा कायदा झाला व संहितेंतील तें सबंध प्रकरण रद्द झालें. पण त्याच कायद्यांत ‘साहाय्य व ऐक्यभाव’ ह्या नात्यानें मूल दुसऱ्या कुटुंबाकडे सोंपवितां येईल अशीही वाट ठेवलेली आहे. सेवा हा शब्द गेला, त्याबरोबर वयाची मर्यादा व वेतनाचा हक्कही गेला. उरलें तें पुनः नुसतें राहणें. मनुष्यांच्या व्यापाराविरुद्ध शिक्षेसह कायदा इ. स. २०१४ त झाला.

संख्येविषयीं फार लिहीत नाहीं. इ. स. २००२ च्या पाहणींत सुमारें १,७३,००० हा आंकडा आला, इ. स. २००९ च्या पाहणींत शहरांतलाच सुमारें २,२५,००० आला, आणि ३,००,००० हा आंकडा तर सर्वत्र उद्धृत होतो. फरक बराचसा व्याख्येचा आहे. मावशीच्या घरीं राहून पाणी भरणारी भाची रेस्तावेक कीं नातलग, हें प्रगणकानें कसें ठरवावें? घरची बाई तिला भाचीच म्हणणार.

राहिला मराठी प्रतिशब्दाचा प्रश्न. ‘दास’ म्हटल्यास नसलेली मालकी येते; ‘नोकर’ किंवा ‘गडी’ म्हटल्यास नसलेलें वेतन येतें; ‘आश्रित’ म्हटल्यास उपकाराचा भार मुलाच्या डोक्यावर आणि श्रेय धन्याच्या पदरीं पडतें. ‘पोऱ्या’ हा त्यांतल्या त्यांत जवळचा, कारण मुलाचें वाचक नांवच तेथें कामाचें नांव झालें आहे. परंतु दुकानांतल्या पोऱ्यास कांहीं ना कांहीं पगार असतो. माझें मत असें आहे कीं मराठी लेखनांत ‘रेस्तावेक’ हाच शब्द ठेवावा, आणि प्रथम येईल तेथें ‘लोकाच्या घरीं ठेवलेलें मूल’ असा खुलासा द्यावा. आपल्या दप्तरांतही ‘पदरीं असलेला’, ‘घरीं राहिलेला’, ‘संगें आलेला’ अशा नोंदी, नांव वा दरमहा न लिहितां, आल्या म्हणजे संपादक त्यांस आश्रित वा परिवार म्हणून एका टीपेंत गुंडाळतात. अशा नोंदी जशाच्या तशा छापाव्या, आणि त्या माणसाचें वय कागदांत असल्यास तें अवश्य द्यावें.